शेजाऱ्याची प्रार्थना

सूरह फातिहा तुम्हांला पाठ आहे. ती केव्हा पाठ झाली, हे आता आठवतही नसेल. घरी आईने किंवा आजीने, नाहीतर मकतबात मौलवीसाहेबांनी ती तुमच्याकडून पुन्हा पुन्हा म्हणवून घेतली असेल. ती म्हटल्याशिवाय नमाज होत नाही. आता मी तुम्हांला एक गोष्ट विचारतो. वर्धा जिल्ह्यातल्या एका खेड्यात संध्याकाळी उघड्या आकाशाखाली जमिनीवर बसून काही माणसे प्रार्थना करतात. त्या प्रार्थनेत हीच सूरह असते, आणि ती म्हणणारे बहुतेक लोक मुसलमान नसतात. हे तुम्हांला माहीत होते काय?

त्या खेड्याचे नाव सेवाग्राम. वर्धा शहरापासून ते सुमारे आठ किलोमीटरवर आहे. पूर्वी त्याचे नाव शेगाव होते. ३० एप्रिल १९३६ रोजी महात्मा गांधी तेथे आले आणि पुढे त्यांनी तेथेच मुक्काम केला. विदर्भात शेगाव नावाचे दुसरे मोठे गाव आहे. गांधीजींची टपाले चुकून तिकडे जात, म्हणून १९४० साली या गावाचे नाव सेवाग्राम झाले. तेथल्या प्रार्थनेच्या जागेला छप्पर नाही, भिंती नाहीत आणि कोणतीही मूर्ती नाही. एका बाजूला गांधीजींनी लावलेला पिंपळ आहे. बाकी सगळी मोकळी जमीन.

या प्रार्थनेत फातिहा आली कशी? आपल्याला वाटेल, कोणी ठराव केला असेल की प्रत्येक धर्माचे थोडेथोडे घ्यावे. तसे झाले नाही. बडोद्याचे न्यायाधीश आणि गांधीजींचे जुने मित्र अब्बास तैयबजी १९३६ साली वारले. त्यांची मुलगी रैहाना तैयबजी काही दिवस सेवाग्रामला राहायला आली. रैहानाबहेनचा गळा फार गोड होता. कुराणाचाही त्यांचा चांगला अभ्यास होता. त्यांचे पठण ऐकून गांधीजींनी त्यांना प्रार्थनेत आयती म्हणायला सांगितले. मग आश्रमातल्या ज्यांना हौस होती त्यांना रैहानाबहेन त्या शिकवू लागल्या. काही दिवसांनी त्या परत गेल्या, पण फातिहा मागे राहिली.

दुसरी हकीकत एका जपानी भिक्षूची आहे. तो आश्रमात राहत असे. पहाटे हातातली डफासारखी ढोलकी वाजवत, आपल्या पंथाचा मंत्र म्हणत तो फिरत असे. आश्रमात त्याला साधू केशव म्हणत. डिसेंबर १९४१ मध्ये जपान महायुद्धात उतरला आणि जपानी माणूस इंग्रज सरकारच्या दृष्टीने शत्रू ठरला. पोलीस आले आणि त्याला घेऊन गेले. जाताना त्याने आपला मंत्र म्हटला आणि ढोलकी गांधीजींपाशी ठेवली. त्या दिवसापासून तो मंत्र प्रार्थनेत म्हटला जाऊ लागला. माणूस तुरुंगाकडे गेला आणि त्याची प्रार्थना आश्रमात राहिली. पुढे गांधीजी पुण्याच्या आगाखान राजवाड्यात कैदेत असताना मुंबईचे पारशी डॉक्टर गिल्डर त्यांच्याबरोबर होते. त्यांच्याकडून पारशी धर्मग्रंथातली, म्हणजे अवेस्तातली, प्रार्थना मिळाली.

पाहा, या प्रार्थनेच्या प्रत्येक तुकड्यामागे एक ओळखीचा माणूस आहे. गांधीजींना आधी रैहाना आवडली, मग तिची प्रार्थना आपलीशी झाली. मला हा क्रम फार महत्त्वाचा वाटतो. आपण पुष्कळदा उलटे करतो.

शाळांच्या कार्यक्रमांत काय होते ते तुम्ही पाहिले असेल. चार मुलांना चार धर्मांचे कपडे घालतात. एकाच्या डोक्यावर टोपी, दुसऱ्याच्या कपाळावर गंध, तिसऱ्याच्या गळ्यात क्रूस, चौथ्याला पगडी. चौघे हात धरून उभे राहतात, टाळ्या वाजतात, छायाचित्र निघते. कार्यक्रम संपला की टोपी आणि पगडी परत पेटीत जातात. टोपी घातलेल्या मुलाला टोपीचे काही कळलेले नसते, आणि गंध लावलेल्याला गंधाचे. हे वाईट आहे असे मी म्हणत नाही. भांडणापेक्षा ते नक्कीच बरे. पण याला ओळख म्हणता येईल का? मला तरी तसे वाटत नाही. ओळख व्हायला मेहनत लागते. ती मेहनत करणारा एक माणूस याच वर्धा जिल्ह्यात राहत होता.

वर्ध्याहून नागपूरला जाताना पवनार लागते. गावाजवळून धाम नदी वाहते. १९३८ साली विनोबा भावे येथे राहायला आले. ते जन्माने ब्राह्मण होते. संस्कृत त्यांना उत्तम येत होते. त्यांनी गीतेचे सोप्या मराठीत भाषांतर केले होते. 'गीताई' हे त्याचे नाव, आणि ते घराघरांत वाचले जात होते. अशा माणसाने १९३९ च्या सुमारास, वयाच्या चव्वेचाळिसाव्या वर्षी, अरबी शिकायला घेतले. कुराणाची भाषांतरे त्यांनी आधी वाचली होती, पण भाषांतरावर त्यांचे समाधान झाले नाही. शेजारी ज्या शब्दांत देवाशी बोलतो ते शब्दच आपल्याला कळले पाहिजेत, असे त्यांना वाटले.

तुम्ही लहानपणी कायदा घेऊन बसला होता. अलिफ, बे, ते असे एकेक अक्षर ओळखत पुढे गेला होता. 'ऐन' घशातून कसा काढायचा, 'काफ' आणि 'क़ाफ' यांत फरक काय, हे शिकताना कोणी दटावलेही असेल. आता डोळ्यांपुढे आणा की चव्वेचाळीस वर्षांचा एक विद्वान, ज्याला लोक आचार्य म्हणतात, तो त्याच अक्षरांपाशी येऊन बसला आहे. विनोबांनी उच्चार नीट बसवले, मोठा भाग पाठ केला, आणि वर्षानुवर्षे वाचन चालू ठेवले. असे सांगतात की मौलाना अबुल कलाम आझाद यांनी विनोबांचे कुराणपठण ऐकले, तेव्हा त्यांना आश्चर्य वाटले.

या अभ्यासाचा उपयोग काय झाला, असे कोणी विचारील. विनोबांनी तो उपयोगासाठी केला नव्हता. पण वेळ आली तेव्हा तो कामी आला. १९४७ साली देशाची फाळणी झाली. दिल्लीच्या आसपासच्या मेवातमधले मेव मुसलमान घरेदारे सोडून बाहेर पडले होते. १९४८ साली विनोबा त्यांना पुन्हा आपल्या गावांत वसवण्याच्या कामाला लागले. त्याच वर्षी ते अजमेरला उरुसाच्या वेळी गेले. तेथले मुसलमान तेव्हा भीतीच्या सावटाखाली होते. विनोबा त्यांच्यात राहिले, दर्ग्यात गेले, त्यांच्याशी बोलले. विचार करा, भ्यालेल्या माणसाला 'भिऊ नका' असे सांगणारे पुष्कळ असतात. पण समोरचा माणूस आपली प्रार्थना जाणतो, तिचा एकेक शब्द त्याने कष्टाने मिळवला आहे, हे पाहिल्यावर त्या माणसाच्या बोलण्याला वेगळेच वजन येते.

१९६२ साली विनोबांनी कुराणातील निवडक वचनांचे पुस्तक प्रसिद्ध केले. मराठीत आणि हिंदीत ते 'कुराण-सार' म्हणून ओळखले जाते, तर उर्दूत त्याचे नाव 'रूहुल कुरआन' आहे. पुस्तक हातात येण्यापूर्वीच पाकिस्तानातल्या एका वर्तमानपत्राने त्यावर टीका केली. मुसलमान नसलेल्या माणसाला कुराणाचे वेचे काढण्याचा काय अधिकार, असा टीकेचा रोख होता. भारतातल्या मुस्लिम वर्तमानपत्रांनी उत्तर दिले की आधी पुस्तक तर पाहा. त्याच वर्षी सप्टेंबरात विनोबा पूर्व पाकिस्तानातून, म्हणजे आजच्या बांगलादेशातून, पायी चालत गेले. भूमिहीनांसाठी तेथेही त्यांना जमीन मिळाली. या टीकेबद्दल माझे मत सांगतो. अधिकाराचा प्रश्न अगदीच चुकीचा नव्हता. दुसऱ्याच्या पवित्र ग्रंथाला हात लावणाऱ्याने फार जपले पाहिजे. पण तेवीस वर्षे तो ग्रंथ मूळ भाषेत वाचत आलेल्या माणसाने जपले नसेल, तर मग कोणी जपले म्हणायचे?

विनोबा एवढ्यावर थांबले नाहीत. बौद्धांचे 'धम्मपद', शिखांचे 'जपुजी', ख्रिस्ती धर्माचे सार, या सर्वांवर त्यांनी काम केले. जैनांचे निरनिराळे पंथ एकत्र बसून त्यांच्या धर्माचा एक सर्वमान्य ग्रंथ तयार करोत, असा त्यांनी आग्रह धरला, आणि त्यातून १९७४ च्या सुमारास 'समणसुत्तं' तयार झाले.

आता तुमच्या मनात एक शंका आली असेल. ती शंका चांगली आहे, म्हणून ती मनात दाबून ठेवू नका. दुसऱ्याचा धर्म इतका जवळ घेतला तर आपला स्वतःचा पातळ होणार नाही का? घरची वडीलधारी माणसेही कधी हाच धोका सांगतात.

मी दोन माणसांकडे बोट दाखवतो. विनोबा शेवटपर्यंत गीतेचे भक्त राहिले. १९८२ साली पवनारला त्यांचे निधन झाले, तेव्हा त्यांच्या गीताईची लाखो घरांत पारायणे होत होती. कुराण वाचल्याने त्यांची गीता सुटली नाही. दुसरे खान अब्दुल गफार खान. १९३४ साली सरकारने त्यांना स्वतःच्या सरहद्द प्रांतात जायला बंदी केली, तेव्हा ते वर्ध्याला येऊन राहिले आणि डिसेंबरात वर्ध्यातूनच त्यांना अटक झाली. गांधीजींच्या सोबत राहून हा पठाण कमी मुसलमान झाला असे त्यांना ओळखणारा कोणीही म्हणणार नाही. रैहानाबहेनची गोष्ट मात्र थोडी वेगळी होती. त्या कुराण म्हणत आणि कृष्णाची भजनेही तितक्याच प्रेमाने गात. ती त्यांची वाट. सर्वांनी तसेच करावे असे नाही, आणि ज्याला तसे करवत नाही त्याचे प्रेम कमी असेही नाही.

धर्मांत फरक आहेत. ते नाहीत असे म्हणणे खोटेपणाचे होईल. तुमच्या शेजारच्या घरात मूर्तीपुढे दिवा लावतात, तुमच्या घरात लावत नाहीत. शेजारी पुनर्जन्म मानतो, तुम्ही आखिरत मानता. हे फरक पुसायला निघालेल्या माणसावर मला विश्वास ठेवावासा वाटत नाही. पण फरक जिथे आहे तिथे तो पाहिला पाहिजे, आणि सारखेपणा जिथे आहे तिथे तोही पाहिला पाहिजे. फातिहात तुम्ही काय मागता? पैसा मागत नाही, शत्रूचा नाश मागत नाही. सरळ वाटेने ने, एवढेच मागता. हिंदूंचे ईशावास्य नावाचे एक फार जुने उपनिषद आहे. अवघ्या अठरा मंत्रांचे. त्याच्या शेवटच्या मंत्रात भक्त अग्निदेवाकडे काय मागतो? चांगल्या वाटेने ने, वाकड्या पापापासून दूर ठेव. येशूने शिष्यांना शिकवलेल्या प्रार्थनेतही मोहात पडू देऊ नको अशी विनवणी आहे. वेगवेगळ्या काळांत, वेगवेगळ्या देशांत माणूस देवापुढे उभा राहिला, तेव्हा वाट चुकण्याचीच भीती त्याच्या ओठांवर आली. हे मी पुस्तकात वाचले तेव्हा मला नवल वाटले. पण खरे सांगायचे तर नवल वाटण्याचे कारण नव्हते. वाट तर सगळ्यांचीच चुकते.

चांगल्या हेतूने केलेले सगळेच सफल होते असे मात्र नाही. वर्ध्याचेच उदाहरण घ्या. ऑक्टोबर १९३७ मध्ये येथे शिक्षणपरिषद भरली. हाताने काम करत शिकण्याची नवी पद्धत तीत मांडली गेली. तिचा आराखडा करणाऱ्या समितीचे अध्यक्ष होते डॉ. झाकिर हुसेन, जे पुढे भारताचे राष्ट्रपती झाले. याच सुमारास मध्य प्रांताच्या सरकारने खेड्यांसाठी शाळांची एक योजना काढली आणि तिला 'विद्यामंदिर' असे नाव दिले. मंदिर म्हणजे घर, विद्येचे घर, असा अर्थ सरकारच्या मनात होता. पण उर्दू बोलणाऱ्या अनेकांच्या कानांना मंदिर म्हणजे देऊळच ऐकू आले. आमच्या मुलांनी देवळात शिकायचे काय, असे ते विचारू लागले आणि वाद वाढला. चूक कोणाची, याचा निवाडा मी करत बसत नाही. एक शब्द देणाऱ्याच्या तोंडी एक असतो आणि घेणाऱ्याच्या कानी दुसरा. नाव ठेवण्यापूर्वी कोणी शेजाऱ्याला विचारले असते तर?

आणि फातिहाच्या वाट्यालाही कठीण दिवस आले. गांधीजींनी ऑगस्ट १९४६ मध्ये सेवाग्राम सोडले, ते पुन्हा येऊ शकले नाहीत. एप्रिल १९४७ मध्ये ते दिल्लीत भंगी वस्तीत राहत होते. जिकडे तिकडे दंगलींच्या बातम्या होत्या. संध्याकाळच्या प्रार्थनेत कुराणातील आयती सुरू होताच कोणीतरी उठून हरकत घेतली. गांधीजींनी काय केले? हरकत घेणाऱ्याला पोलिसांकडून बाहेर काढले नाही. आयती गाळून बाकीची प्रार्थना उरकली असेही नाही. त्यांनी त्या दिवशीची सगळी प्रार्थनाच थांबवली. दुसऱ्या दिवशीही तसेच झाले. म्हटली तर पूर्ण प्रार्थना म्हणायची, नाहीतर मुळीच नाही. हरकत घेणारे शेवटी शांत झाले, आणि मग प्रार्थना पूर्ण झाली, आयतींसकट. रैहानाबहेनने शिकवलेले ते शब्द गाळणे किती सोपे होते! कोणाला कळलेही नसते.

आतापर्यंत मी मोठ्या माणसांच्या गोष्टी सांगितल्या. सामान्य माणसांनाही ही ओळख आहे, आणि ती गांधीजींच्या कितीतरी आधीपासून आहे. वर्धा जिल्ह्यातच समुद्रपूर तालुक्यात गिरड नावाचे गाव आहे. तेथे टेकडीवर ख्वाजा शेख फरीद यांचा दर्गा आहे. हिंदू आणि मुसलमान दोघेही तेथे जातात. टेकडीवर सुपारीएवढे, जायफळाएवढे गोल दगड सापडतात. भूगर्भशास्त्रज्ञ सांगतील की ती लाव्हाच्या खडकातल्या पोकळ्यांत तयार झालेली खनिजे आहेत, आणि ते खरेच आहे. पण लोक गोष्ट सांगतात ती अशी. दोन फिरते व्यापारी आपला माल घेऊन चालले होते. त्यांनी फकिराची चेष्टा केली. तेव्हा त्यांचा सारा माल दगड होऊन गेला. ते रडू लागले, पाया पडले. फकिराने वाळलेल्या पानांतून त्यांना पुन्हा नवा माल करून दिला. मग ते दोघे कुठे गेलेच नाहीत, त्यांच्याच सेवेत राहिले. टेकडीवरच्या दोन कबरी त्यांच्या आहेत असे म्हणतात.

गिरडला जाणाऱ्या शेतकऱ्याला कोणी सर्वधर्मसमभावाचे व्याख्यान दिलेले नाही. आजोबा जात होते, म्हणून तोही जातो. मला या माणसांबद्दल आदर आहे. तरीही एक उणीव दिसते. वर्षानुवर्षे एकाच पायऱ्या चढून जाणारी दोन माणसे खाली उतरल्यावर एकमेकांना विचारत नाहीत की तुझ्या प्रार्थनेत तू म्हणतोस तरी काय. पाय ओळखीचे होतात, शब्द अनोळखीच राहतात. मग एखाद्या वाईट दिवशी बाहेरचा कोणी येतो आणि सांगतो की शेजारी प्रार्थनेत तुमच्याविरुद्ध काही बोलतो. ज्याला अर्थ माहीत नसतो तो त्यावर विश्वास ठेवतो. ज्याला माहीत असतो तो हसतो. म्हणून गिरडला पवनारची जोड हवी, असे माझे मत आहे.

येथे तुमचे मराठी उपयोगी पडते. तुम्हांला वाटत असेल, हा तास परीक्षेपुरता आहे. मराठी ही दुसऱ्यांची भाषा, आपण ती गुणांसाठी शिकतो. पण श्रीगोंद्याचे शेख महंमद यांनी सुमारे चारशे वर्षांपूर्वी मराठीत 'योगसंग्राम' हा ग्रंथ लिहिला. मराठीच्या मोठ्या संतकवींत त्यांची गणना होते आणि आजच्या अहिल्यानगर जिल्ह्यात त्यांचे स्थान लोक भक्तीने पाहतात. शिवाय तुमचे किती शब्द मराठीने आधीच आपल्या घरात घेतले आहेत ते मोजा. जमीन, शहर, दुकान, तारीख, साल, इनाम, हकीकत, अर्ज. मी वर 'हकीकत' लिहिले तेव्हा तुम्हांला अर्थ शोधावा लागला नाही.

विनोबा अरबी शिकले, कारण त्यांना तुमची प्रार्थना समजून घ्यायची होती. तुमच्या गल्लीतल्या, तुमच्या बाजूच्या बाकावरच्या, मैदानावर तुमच्याबरोबर क्रिकेट खेळणाऱ्या मुलाला अरबी येत नाही आणि उर्दूही वाचता येत नाही. त्याने उद्या सहज विचारले, "अरे, तुम्ही नमाजात काय म्हणता?" तर तुम्हांला त्याला मराठीत सांगता येईल का? रब्ब या शब्दाला काय म्हणाल? रहमान आणि रहीम यांतला फरक कसा समजावाल? 'मालक' म्हणावे की 'स्वामी', 'दयाळू' म्हणावे की 'कृपाळू'? आणि मग तोच प्रश्न तुम्ही त्याला विचाराल का? आज रात्री वही घेऊन बसा. सात आयती आहेत. पहिल्या आयतीचा अर्थ स्वतःच्या मराठीत लिहून पाहा. जिथे शब्द अडेल तिथे जागा कोरी सोडा. ती भरायला उद्या वर्गात आपल्या मराठीच्या गुरुजींना विचारा, आणि संध्याकाळी मैदानावर त्या मुलालाही.